आत्या कॅमेऱ्यामागे आहे

कॅमेऱ्याच्या तोंडाशी एक लाल दिवा होता, ज्वारीच्या दाण्याएवढा. चित्रण सुरू झालं की तो लागायचा. अक्षतानं दोन दिवस नीट बघून वहीत नोंद केली होती, की हा दिवा तिच्या वडिलांना बरोबर नऊ फुटांवरून दिसतो. नऊ फुटांच्या पलीकडे हंबीरराव इंगवले म्हणजे बनियनवर बसून, एक पाय खुर्चीवर घेऊन, शेंगदाणे खात पेपर वाचणारे पाटबंधारे खात्यातले निवृत्त हेडक्लार्क. नऊ फुटांच्या आत पाऊल पडलं की पाय खाली, पोट आत, हनुवटी वर आणि पेपर मोठ्यानं. तोही अग्रलेखापासून. एरवी ते शेवटच्या पानावरच्या फुटबॉलपासून सुरुवात करत आणि बहुधा तिथंच संपवत.

बुधवारी, म्हणजे कामाच्या तिसऱ्या दिवशी, तिनं आईच्या पाकिटातली एक मोठी मरून टिकली त्या दिव्यावर चिकटवली. आता कॅमेरा चालू आहे की बंद, हे कुणाला कळणार नव्हतं. परिणाम इतकाच झाला, की हंबीरराव कॅमेरा बंद असतानाही अग्रलेख वाचू लागले. टिकली बघून आई मात्र खूश झाली. "बरं केलंस. दृष्ट लागत न्हाय," ती म्हणाली, आणि दुसऱ्या दिवशी देवपूजा उरकता उरकता कॅमेऱ्यालाही हळदीकुंकू लावून गेली. हळदीचं एक बोट भिंगाच्या कडेवर उतरलं. त्या सकाळच्या चित्रणात घराच्या डाव्या बाजूला सारखं ऊन पडलेलं दिसतं.

अक्षताचं शिक्षण प्राणिशास्त्राचं. एम.एस्सी.ला तिनं दोन वर्षं टिटव्यांचा अभ्यास केला होता. माळावर कापडाच्या आडोशाला बसायचं, हलायचं नाही, बोलायचं नाही. पहिल्या दिवशी टिटवी आकांत करते, दुसऱ्या दिवशी नुसती लक्ष ठेवते आणि तिसऱ्या दिवशी तुम्ही तिच्या लेखी एक धोंडा होता. मग ती जशी आहे तशी वागते. पुढं माहितीपट करायला लागल्यावरही तिनं हीच पद्धत ठेवली. पुण्यातल्या एका संस्थेनं तिला 'एका सामान्य घरातला एक आठवडा' असा सव्वीस मिनिटांचा माहितीपट मंजूर केला, तेव्हा अर्जात तिनं स्वच्छ लिहिलं होतं: मी दिसणार नाही, बोलणार नाही, काहीही विचारणार नाही.

ही पद्धत टिटवीसाठी उत्तम आहे. कोल्हापूरसाठी तिचा कुणी विचार केलेला नसावा. पहिलं घर तिनं निवडलं ते दुसऱ्या कॉलनीतल्या ओळखीच्यांचं. तिथं दोन दिवस ती कोपऱ्यात बसली. पावणं कोपऱ्यात बसलंय आणि आपण आपली भांडी घासतोय, हे दृश्य त्या घराला सहन होईना. तिसऱ्या दिवशी तिच्याकडे चार तासांचं चित्रण होतं, आणि त्यात मुख्य पात्र तिचं स्वतःचं ताट होतं. तांबडा रस्सा, पांढरा, पुन्हा पांढरा. मधूनच एक हात येई आणि आवाज येई, "घ्या की, लाजताय कशाला?"

म्हणून तिनं स्वतःचंच घर घ्यायचं ठरवलं. आपल्या घरात आपण पाहुणे नसतो, असं तिचं गृहीतक होतं. गृहीतकं शेवटी तपासण्यासाठीच असतात.

पण खरं कारण वेगळं होतं, आणि ते आईनं पहिल्याच दिवशी ओळखलं. "कॅमेऱ्यामागं लपलीस व्हय गं?"

तर त्याचं असं झालं होतं. अक्षताच्या भावाला, सम्राटला, मुलगा झाला. सम्राट कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत एका कारखान्यात माल तपासणीला आहे. मिलिमीटरच्या शंभराव्या भागाचा फरक तो डोळ्यांनी सांगतो, पण बापासमोर त्याच्या तोंडातून शब्द फुटत नाही. हंबीररावांचं म्हणणं, नातवाचं नाव विजयसिंह, त्यांच्या वडिलांचं. सम्राटची बायको प्रियदर्शनी शिरोळची. तिचे वडील भाऊसो, उसाचे मोठे बागायतदार. त्यांचं म्हणणं, नाव राजवीर. नदीचं पाणी अंगणात आलं तरी न हललेला माणूस, तो नावावरून काय हलणार? दोन्ही व्याही एकमेकांशी इतक्या आदरानं भांडले, की बारशाच्या आदल्या दिवशी तोडगा निघाला: नाव आत्यानं ठेवायचं असतं, आत्या सांगेल ते. हंबीररावांनी तसा कागदच केला. 'आत्याचा निर्णय अंतिम राहील, त्यावर अपील चालणार नाही.' खाली दोघांच्या सह्या.

बारशाला अक्षता पाळण्यावर वाकली. मागून बायकांचे धपाटे तयार होते. उजव्या बाजूला हंबीरराव, डाव्या बाजूला भाऊसो, दोघांचेही कान लांब झालेले. शास्त्राची शिस्त अशी, की पुरावा हाती नसताना निष्कर्ष काढू नये. बारा दिवसांच्या मुलाबद्दल कसला पुरावा असणार? तिनं बाळाच्या कानाशी तोंड नेलं, "कुर्रर्र" म्हणाली, पाठीत पाच धपाटे खाल्ले आणि कुजबुजली, "नंतर सांगते."

हे तिनं बाळाला सांगितलं होतं. ऐकलं सगळ्यांनी.

त्याला येत्या रविवारी वर्ष होत होतं. घरात दोन पक्ष पडले होते. इकडचे 'विजू' म्हणत, तिकडचे 'राजू', आणि बाकीचे 'बाळा' म्हणून वेळ मारून नेत. सम्राट मागच्याच आठवड्यात जन्मदाखल्यात नाव घालायला गेला होता. वर्षाच्या आत साधा फॉर्म, नंतर हेलपाटे, असं त्याला कुणीतरी सांगितलं होतं. खिडकीतल्या माणसानं विचारलं, "नाव?" सम्राट म्हणाला, "अजून ठरलं न्हाय." खिडकीतला माणूस पेन ठेवून पुढं वाकला. "आत्या हाय न्हवं?" हाय म्हटल्यावर मागच्या रांगेला रस वाटू लागला. कुणी म्हणालं शिवतेज, कुणी म्हणालं अधिराज, एका आजोबांनी स्वतःचंच नाव सुचवलं. सम्राट परत आला तो कोऱ्या फॉर्मच्या पाठीवर अकरा नावं घेऊन.

"ताई, रविवारी तरी सांगा," प्रियदर्शनी तेवढं म्हणाली होती. बारा महिन्यांत तिला स्वतःला एकदाही कुणी विचारलं नव्हतं आणि तिनंही ते एकदाही बोलून दाखवलं नव्हतं. अक्षताला त्या दोन्ही व्याह्यांपेक्षा या शांतपणाचं ओझं जास्त वाटे.

रविवारपर्यंत आपण कॅमेऱ्यामागे आहोत आणि नियमानं बोलू शकत नाही, ही सोय तिला मनातल्या मनात फार आवडली होती.

सोय सोमवारीच डळमळली. हंबीररावांनी तिला दारातच थांबवलं. "परवानगी काढलीस?"

"कुणाची? घर आपलंच आहे की, आबा."

"म्हणूनच. आपल्या घरात कागदाशिवाय काम होत न्हाय."

मग तिनं अर्ज लिहिला. 'प्रति, माननीय कुटुंबप्रमुख.' तीन प्रती. हंबीररावांनी तो चष्मा लावून वाचला, 'उद्देश' या रकान्यातल्या 'सामान्य' या शब्दाखाली लाल रेघ मारली आणि खुलाशासाठी परत केला. खुलासा झाला. दुपारी मंजुरी मिळाली, आवक क्रमांक एक. तोवर सकाळचं सगळं सामान्य आयुष्य होऊन गेलं होतं.

आत गेल्यावर कळलं, की दिवाणखान्याच्या भिंतीला आदल्याच दिवशी पिस्ता रंग दिलेला आहे. "सामान्य म्हनून काय कसं बी दाखवायचं?" आईचा सवाल होता. रंग वाळलेला नव्हता. मंगळवारच्या चित्रणात हंबीरराव अग्रलेख संपवून रुबाबात उठतात आणि पाठमोरे होतात, तेव्हा त्यांच्या पांढऱ्या सदऱ्यावर खांद्यापासून कमरेपर्यंत पिस्ता रंगाचा पट्टा दिसतो. त्यांना ते कुणी सांगितलं नाही. अक्षता सांगू शकत नव्हती, ती बोलत नव्हती. ते तसेच रंकाळ्यावर फिरून आले.

शेजारच्या बाळाबाईंचं दुःख वेगळंच होतं. "आमच्यापरास सामान्य कोण हाय गं ह्या गल्लीत?" त्या कुंपणावरून विचारत. "तुमच्यात गाडी हाय, इन्व्हर्टर हाय. आमच्यात काय बी न्हाय. मग शूटिंग तुमच्यात कसं?" अक्षता गप्प. त्या गप्प राहण्याचा अर्थ बाळाबाईंनी आपल्या सोयीनं लावला. मंगळवारी त्यांनी कुंपणापलीकडे जरीची साडी नेसून कपडे वाळत घातले. तेच कपडे त्यांनी दिवसातून चार वेळा वाळत घातले, चार वेगळ्या साड्यांत. चौथ्यांदा ते वाळलेले होते, म्हणून आधी पुन्हा भिजवले.

"जरा हसून काढ की," त्या वर सल्ला देत. "तोंड असं करून बसलीस की माणसाला वाटतंय आपलं काय चुकलं."

बुधवारी दुपारी दारात जीप थांबली. शिरोळहून भाऊसो आले होते. मागं उसाच्या दोन मोळ्या, गुळाची एक ढेप आणि पिशवीत एक जिवंत कोंबडा.

"या पावणं," हंबीरराव म्हणाले. "असं अचानक?"

"अचानक कुठलं! शूटिंग चाललंय म्हनं. एकाच आज्ज्याचं होऊ नये म्हनून आलो. उद्या पिच्चर लागला की लोक म्हनायचे, पोराला आईकडनं कोन न्हाय का काय."

"तुमचं बी घेतो की. अर्ज करा."

भाऊसोंनी अर्ज केला नाही. त्यांनी नातवाला उचललं, कॅमेऱ्यासमोर तीन फुटांवर आणून बसले आणि स्पष्ट आवाजात म्हणाले, "काय राजवीर! काय म्हनतोस, राजवीर?" त्यावर स्वयंपाकघराच्या दारातून हंबीरराव, "विजयसिंह! आज्ज्याला पाणी दिलंस का, विजयसिंह?" बाळ दोघांकडेही न बघता पिशवीतल्या कोंबड्याकडे बघत होतं. कोंबडा एकटाच असा होता, ज्याला कॅमेऱ्याचं काही पडलं नव्हतं. पण गुरुवारी पावण्यांसाठी पांढरा रस्सा झाला आणि माहितीपटाचं तेही पात्र गेलं.

टिटवी तिसऱ्या दिवशी सरावते. घर चौथ्या दिवशी बिघडलं. आई आता भाकरी थापताना प्रत्येक कृती मोठ्यानं सांगू लागली, "आता बगा, पीठ घ्यायचं." सम्राट कामावरून आला की दारातच थांबून केस विंचरे. अक्षता रात्री जेवताना वही काढून हिशोबानं बघे. शनिवार सकाळपर्यंत चित्रण एकोणतीस तास, त्यात कुणीही कॅमेऱ्याकडे न बघता जगलेला वेळ अकरा मिनिटं.

आणि त्या अकरा मिनिटांतली सात मिनिटं एकाच माणसाची होती. दूधवाल्या आकारामची.

आकाराम रोज सकाळी सहा चाळीसला मोटरसायकलवर दोन्ही बाजूंना किटल्या लावून येई. पन्नाशीचा, किडकिडीत, कायम घाईत. पहिल्या दिवशी त्यानं तिवईवरचा कॅमेरा पाहिला आणि विचारलं, "ह्यो काय दूध पितोय का? न्हाय न्हवं? मग सरका." त्यानंतर त्यानं त्याच्याकडे ढुंकून पाहिलं नाही. आई आतून ओरडे, "आकाराम, थांब रं, भांडं आनते!" आकाराम म्हणे, "थांबतोय की वैनी, म्हस थांबत न्हाय." माप ओतून झालं की वर एक धार जास्तीची, आणि झाकणात उरलेले दोन थेंब तो बोटानं बाळाच्या ओठाला लावी. निघून जाई. एकूण पावणेदोन मिनिटं. अक्षताला वाटे, हा एकटा माणूस सव्वीस मिनिटं घरात थांबला असता तर तिचं काम झालं असतं.

शनिवारी दुपारी ती माडीवर सगळं चित्रण बघत बसली. खाली दोन्ही आजोबा उद्याच्या केकवरून एकमेकांना "तुमी सांगा, न्हाय न्हाय, तुमीच सांगा" करत होते. याचा अर्थ केक दोन येणार होते.

कामाचं काही मिळत नव्हतं, म्हणून सवयीनं तिनं वहीत रकाने आखले. बाळाला हाक कुणी मारली, कुठल्या नावानं आणि बाळानं मान वळवली की नाही. हे तिच्या हाताला ठाऊक असलेलं काम होतं आणि अशा कामात तिला नेहमीच बरं वाटे. तासाभरात आकडे उतरले. 'विजयसिंह' आणि 'विजू' मिळून एकाहत्तर हाका, मान वळली शून्य वेळा. 'राजवीर' आणि 'राजू' अडुसष्ट, मान वळली एकदा, पण तेव्हा भाऊसोंच्या हातात बिस्किट होतं. 'बाळा', एकशे चार. तीनदा.

मग सकाळचे तुकडे आले. "आकाराम, थांब रं!" बाळाची मान वळली. मंगळवारी वळली. बुधवारी पाठमोरं बसलं होतं, तरी कमरेतून वळलं आणि हसलं.

अक्षता थांबली. घाई नको. हे मोटरसायकलच्या आवाजामुळं असेल. दुधाच्या वासामुळं असेल. बोटावरच्या दोन थेंबांमुळं तर नक्कीच असेल. तिनं गुरुवारची सकाळ काढली. गुरुवारी पौर्णिमा होती आणि आकाराम नृसिंहवाडीला गेला होता. दूध आलं नव्हतं, मोटरसायकल नव्हती, झाकण नव्हतं. पडद्यावर पिवळट उन्हात आई भाकरीच्या तव्याशी उभी होती. "आता बगा, तवा तापू द्यायचा," ती सांगत होती, आणि मध्येच, खरोखरच विसरून, स्वतःशीच म्हणाली, "आज आकाराम कसा आला न्हाय?"

जमिनीवर चमचा आपटत बसलेल्या बाळानं चमचा खाली ठेवला आणि दाराकडे मान वळवली. तोंड उघडून एकच आवाज काढला. "ओ."

तिनं तो तुकडा सहा वेळा बघितला. मग सगळे आकडे पुन्हा मोजले. आकाराम, नऊ हाका. नऊ वेळा.

मागं पाऊल वाजलं. प्रियदर्शनी चहा घेऊन आली होती. अक्षतानं काही न बोलता वही तिच्यापुढं सरकवली आणि गुरुवारचा तुकडा लावला. प्रियदर्शनीनं बघितला. पदर तोंडाला लावला आणि खांदे हलू लागेपर्यंत हसली.

"आबा काय म्हणतील?" अक्षतानं विचारलं. चित्रण सुरू झाल्यापासून तिनं विचारलेला हा पहिला प्रश्न. "आणि तुमचे भाऊसो? शाळेत पोरं काय म्हणतील? जुनं नाव आहे, वहिनी. तुम्हाला चालेल? तुम्हाला कुणी विचारलंच नाही."

प्रियदर्शनीनं पडद्याकडे बघितलं. तिथं तिचा मुलगा दाराकडे बघत थांबला होता.

"ओ देतोय की ताई," ती म्हणाली. "आनि काय पायजे नावाला?"

रविवारी संध्याकाळी घरात पाय ठेवायला जागा नव्हती. टेबलावर दोन केक होते, एकावर 'विजयसिंह', दुसऱ्यावर 'राजवीर', आणि मधे सम्राट, दोन्ही हातांत एकेक सुरी घेऊन. बाळाबाई पाचव्या साडीत होत्या. कॅमेरा कोपऱ्यात टिकली लावून चालू होता आणि त्याच्यामागं अक्षता. एवढ्या गर्दीत तिच्याकडे बघायला कुणालाच वेळ नव्हता, आणि तिच्या लक्षात आलं की आज, सातव्या दिवशी, घर पहिल्यांदा जसं आहे तसं वागत आहे. हंबीरराव सदऱ्याची बाही वर सारून क्रीम चाटत होते. सव्वीस मिनिटं इथंच होती. फक्त गप्प राहायचं होतं.

"आत्या कुठं हाय?" हंबीररावांनी खिशातून घडी घातलेला कागद काढला. "वर्स झालं. भाऊसो, ह्या बगा तुमच्या सह्या."

"माझी कुठं ना हाय? सांग गं पोरी. राजवीर म्हन आन मोकळी हो."

"तिला शिकवू नका, पावणं."

"आक्षे," आई म्हणाली, "ते यंत्र ऱ्हाऊ दे तिकडं. हिकडं ये."

अक्षतानं कॅमेऱ्याकडे पाहिलं. बंद केला तर आठवड्यातलं एकमेव खरं चित्रण तुटणार होतं. चालू ठेवला तर त्यात ती दिसणार होती आणि बोलणार होती. पुण्याच्या संस्थेच्या अर्जात तीन वचनं होती. पहिली दोन एकदम मोडणार होती. तिनं कॅमेरा तसाच ठेवला आणि तिवईच्या पुढं आली.

प्रियदर्शनीनं बाळाला मांडीवर घेतलं होतं. अक्षता वाकली. मागं बायका सरसावल्या. त्याच वेळी दारात किटली वाजली. खिरीसाठी दूध कमी पडलं म्हणून आईनं जादा दोन लिटर सांगितलं होतं, आणि आकाराम उंबऱ्याशी गर्दीतून वाट काढत उभा होता.

"कुर्रर्र," अक्षता म्हणाली. पाठीत धपाटा बसला. "कुर्रर्र." दुसरा. बाळाबाईंचा तिसरा धपाटा वर्षभराच्या व्याजासकट होता. डोळ्यांत पाणी आलेलं असतानाच तिनं बाळाच्या कानात नाव सांगितलं, अगदी हळू.

बाळानं मान वळवली. थेट दाराकडे. "ओ," ते म्हणालं.

"काय वो, ताई?" दारातून आकाराम म्हणाला. त्याचे कान म्हशींमुळं तयार झालेले होते.

सम्राटच्या हातातल्या दोन्ही सुऱ्या खाली आल्या. हंबीररावांनी आधी दाराकडे पाहिलं, मग नातवाकडे, मग हातातल्या कागदाकडे, जिथं त्यांच्याच अक्षरात 'अपील चालणार नाही' असं लिहिलेलं होतं.

"आक्षे, दूध नंतर बगू," ते सावकाश म्हणाले. "त्याला कशाला हाक मारतीस? नाव सांग. मोठ्यानं सांग, सगळ्यांस्नी ऐकू दे."

अक्षता सरळ उभी राहिली. पाठ दुखत होती, टिकलीमागं दिवा लागलेला होता, आणि प्रियदर्शनी पदराआड आधीच हसत होती.

"हाक नव्हती मारली, आबा," ती म्हणाली. "नावच सांगितलं. आकाराम. आकाराम सम्राट इंगवले."